दिल्ली दरबाराची मूक फीत पाहताना या चुका टाळा

१२ डिसेंबर १९११. दिल्लीच्या दरबारात बडोद्याचे महाराज सयाजीराव गायकवाड ब्रिटिश सम्राट पंचम जॉर्जपुढे येतात, एकदाच लवतात आणि पाठ फिरवून निघतात. या काही सेकंदांवरून कुणी त्यांना बंडखोर ठरवतं, कुणी गोंधळलेला माणूस. मला वाईट वाटतं ते याचं, की बहुतेकांनी ती फीत चुकीच्या वेगाने पाहिलेली असते.

मूकपटांचा कॅमेरा बहुधा हाताने फिरवत. सेकंदाला साधारण १६ ते १८ चौकटी (फ्रेम). तीच फीत आज २४ चौकटींनी चालवली की हालचाल जवळजवळ दीडपट होते. संथ चालणारा माणूस तरातरा निघून गेल्यासारखा दिसतो, आणि इथे तर सगळा वादच त्या चालण्याचा आहे! एडिटिंगच्या ॲपमध्ये वेग ६७ टक्क्यांवर आणा, मग आजूबाजूच्या माणसांची चाल बघा. ती सहज वाटली की वेग जुळला.

दुसरं, तेवढाच तुकडा पाहून थांबू नका. तीनदा लवायचं आणि पाठ न दाखवता मागे सरायचं, असा तिथला रिवाज. तो इतर संस्थानिकांनी कसा पाळला हे शेजारी ठेवून पाहिल्याशिवाय फरक कळत नाही. महाराजांनी नंतर व्हाइसरॉय हार्डिंग यांना पत्र लिहून दिलगिरी व्यक्त केली होती. मनात काय होतं, हे कॅमेरा सांगू शकत नाही.

दरबाराच्या फितीला कुणी ‘राज्याभिषेकाची फीत’ म्हणत असेल, तर ते नावही तपासा. प्रत्यक्ष राज्याभिषेक २२ जून १९११ रोजी लंडनच्या वेस्टमिन्स्टर ॲबीत झाला, आणि आत चित्रपटाचा कॅमेरा नव्हता. हत्तींची भव्य मिरवणूक दिसली तर तो बहुधा १९०३ चा व्हाइसरॉय कर्झनचा दरबार. तो आपल्या सावेदादांनी, म्हणजे भारतातल्या सुरुवातीच्या चित्रपटकारांपैकी हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकरांनीही टिपला होता. १९११ मध्ये राजा दिल्लीत घोड्यावरून आला.

एखाद्या कृष्णधवल प्रतीत रंगीत कपडे सारखे उजळ-मंद लुकलुकत असतील, तर लगेच ‘फीत खराब’ म्हणून सोडू नका. चार्ल्स अर्बनच्या किनेमाकलर या जुन्या रंगीत चित्रण-पद्धतीत एकाआड एक चौकट लाल आणि हिरव्या काचेतून टिपलेली असे; प्रोजेक्टरवर तशाच काचा फिरल्या की पडद्यावर रंग उमटत. किनेमाकलरची फीत सेकंदाला सुमारे ३२ चौकटींची, म्हणून तिला ६७ टक्क्यांचा हिशेब लावू नका. उलट २४ वर ती मंदच चालते.