वाहन अपघातातल्या मृत्यूचा भरपाई दावा: कमी पडलेली रक्कम अशी दुरुस्त केली

मृत दुग्धव्यावसायिक, वय 34. मागे पत्नी, दोन मुलं आणि आई. कच्च्या अर्जात महिना 15,000 रुपये उत्पन्न धरून मृताच्या स्वखर्चापोटी थेट एक तृतीयांश वजा केलं होतं आणि गुणक (वर्षाच्या रकमेला ज्याने गुणायचं तो आकडा) आईच्या वयाचा लावला होता. दोन्ही चूक.

गुणक मृताच्या वयावरून ठरतो; 31 ते 35 ला 16. स्वतःचा व्यवसाय आणि वय चाळिशीच्या आत, म्हणून भावी वाढीचे 40 टक्के आधी मिळवायचे: 21,000. अवलंबून असलेले चौघं, म्हणून स्वखर्चाची वजावट एक चतुर्थांश: उरले 15,750. वर्षाचे 1,89,000, गुणिले 16 म्हणजे 30,24,000. अंत्यविधी, मृताच्या संपदेचं नुकसान (loss of estate) आणि कुटुंबाने सहवास गमावल्याची रक्कम वेगळी. ती सर्वोच्च न्यायालयाच्या 2017 च्या प्रणय सेठी निकालानुसार दर तीन वर्षांनी 10 टक्क्यांनी वाढते. हे बहुतेक जण विसरतात.

खरी अडचण उत्पन्नाच्या पुराव्याची. पगारपत्रक नव्हतं. दूध संस्थेच्या दहा-दहा दिवसांच्या बिलांवर लिटर, फॅट आणि रक्कम छापलेली होती. बारा महिन्यांची बिलं बँकेतल्या जमा नोंदींशी ताडून जोडली, संस्थेच्या सचिवांना साक्षीला बोलावलं. नुसत्या सरपंचांच्या दाखल्यावर विसंबू नका, उलटतपासणीत तो टिकत नाही.

अपघात परजिल्ह्यात झाला तरी दावा आपल्या राहत्या जिल्ह्यातल्या मोटार अपघात दावा न्यायाधिकरणात चालतो. कायद्यातली मुदत सहा महिन्यांची आहे, तेव्हा दिवसकार्य आटोपताच एफआयआर, पंचनामा, शवविच्छेदन अहवाल आणि गाडीच्या विम्याची प्रत मिळवायला लागा.