आयर्लंडला नवीन आलेल्यांसाठी: चर्च, शाळा आणि मयत

नवीन आलेल्या मंडळींचा पहिला प्रश्न ठरलेला, इथले लोक कट्टर कॅथलिक आहेत का, आपल्याला जड जाईल का. नाही जाणार. 2016 च्या जनगणनेत 79 टक्के लोकांनी कॅथलिक लिहिलं होतं, 2022 ला 69, आणि धर्मच नाही म्हणणारे 14 टक्के झाले. हिंदू पण 33 हजारांवर गेलेत, डब्लिनला वॉकिन्सटाऊनमधे मंदिर आहे. घटस्फोट 1995, समलिंगी लग्न 2015, गर्भपात 2018, सगळं सार्वमत घेऊन झालं. त्या 2018 च्या मतदानात आपल्या बेळगावच्या सविता हलप्पनवारचे फोटो भिंतीभिंतीवर होते, 2012 ला गॉलवेत गर्भपात नाकारल्यावर ती गेली. तिची गोष्ट माहिती करून घ्या, इथल्या बायका तिला विसरलेल्या नाहीत.

पण शाळेचं नीट ऐका. चर्चला जाणारे कमी झाले तरी दहापैकी जवळजवळ नऊ प्राथमिक शाळा अजून कॅथलिकच आहेत. 2018 च्या कायद्यापासून बाप्तिस्मा नाही म्हणून या शाळा प्रवेश नाकारू शकत नाहीत, तेव्हा उगाच घाबरून मुलाचा बाप्तिस्मा करू नका, काहीजण करतात. धर्माच्या तासातून मुलाला बाहेर ठेवायचा हक्क आहे, फक्त तो लेखी मागा आणि तेव्हा पोरगं नक्की काय करणार ते विचारा, कारण बऱ्याच ठिकाणी ते त्याच वर्गात मागे चित्रं रंगवत बसतं. सेकंड क्लासला, म्हणजे सात-आठ वर्षांची असताना, पहिल्या कम्युनियनची, म्हणजे चर्चमधे पहिल्यांदा प्रसादाची भाकर घ्यायच्या विधीची, तयारी महिनोन्महिने चालते, पांढरे ड्रेस, पार्टी, पाहुण्यांचे पैसे, आणि आपली पोरगी घरी येऊन विचारते मला का नाही. याचं उत्तर आधीच तयार ठेवा. एज्युकेट टुगेदर नावाच्या संस्थेच्या शाळा सर्वधर्मीय आहेत, जवळ असेल तर लवकर अर्ज टाका.

आणि शेजारी किंवा ऑफिसमधल्या कुणाचे आईवडील गेले तर नक्की जा. बोलावणं येत नसतं, आरआयपी डॉट आयई या मयतांच्या बातम्यांच्या वेबसाईटवर वेळ बघायची, रांगेत उभं राहून घरच्या प्रत्येकाशी हात मिळवायचा, "सॉरी फॉर युअर लॉस" एवढंच म्हणायचं. चर्चमधे सगळे उठले की उठा, कम्युनियनला बसून रहा, कुणी वाईट मानत नाही, देव न मानणारेही तिथे बसलेलेच असतात.