रायटरचा राइट-क्लिक मेन्यू आपल्या सवयीप्रमाणे कसा लावावा

वेबपेजवरचा उतारा लिबरऑफिस रायटर या मजकूर लिहिण्याच्या प्रोग्राममध्ये पेस्ट केला की तिकडचा फॉन्ट, रंग, अक्षरांचा आकार सगळं सोबत येतं. नुसता मजकूर हवा असेल तर राइट-क्लिक, मग 'पेस्ट स्पेशल', मग त्याच्या पोटातलं 'अनफॉरमॅटेड टेक्स्ट'. दिवसभर हेच काम असेल तर ही कमांड सरळ पहिल्याच मेन्यूत आणून ठेवावी. २०१७ मध्ये आलेल्या ५.४ आवृत्तीपासून ही सोय रायटरमध्येच आहे.

'टूल्स'मधून 'कस्टमाइझ' उघडा आणि 'कॉन्टेक्स्ट मेन्यूज' हा टॅब निवडा. आता घाई करू नका, आधी दोन खाने नीट बघा.

पहिला 'स्कोप'. तिथे 'लिबरऑफिस रायटर' ठेवलंत तर बदल सगळ्या फाइल्सना लागू होतो. उघड्या फाइलचं नाव निवडलंत तर तो त्या फाइलपुरताच राहतो.

दुसरा 'टार्गेट', आणि बहुतेकांची गल्लत होते ती इथेच. राइट-क्लिकचा मेन्यू एक नसतो. साध्या मजकुरावर वेगळा, तक्त्यात वेगळा, चित्रावर आणखी वेगळा. 'टेक्स्ट'मध्ये घातलेली कमांड तक्त्याच्या रकान्यात दिसणार नाही. तिथेही हवी असेल तर 'टेबल' निवडून तेच पुन्हा करावं लागतं.

आपण 'टेक्स्ट' घेऊ. डावीकडच्या शोधपट्टीत 'अनफॉरमॅटेड' हा शब्द इंग्रजीत टाइप करा. 'पेस्ट अनफॉरमॅटेड टेक्स्ट' दिसलं की ते निवडून मधला उजवीकडे वळलेला बाण दाबा. मग वर-खाली बाणांनी ते 'पेस्ट'च्या लगेच खाली आणा. 'ओके' म्हणा आणि मजकुरावर राइट-क्लिक करून बघा.

नको असलेली कमांड डावीकडे वळलेल्या बाणाने काढता येते. ती फक्त या मेन्यूतून जाते, वरच्या मेन्यूबारमध्ये बहुतेक वेळा असतेच, म्हणून बिनधास्त काढा. माझ्या मते मेन्यू लहान करणं हेच जास्त उपयोगाचं. लांबलचक यादीत हवी ती ओळ शोधण्यातच वेळ जातो. 'इन्सर्ट'मधून विभाजक रेघ घालता येते, 'मॉडिफाय'मधून कमांडचं नाव बदलता येतं. मराठी नाव दिलं तरी चालतं: 'नुसता मजकूर' असं लिहिलं की नजर बरोबर तिथेच जाते.

माउस टाळायचा असेल तर विंडोज आणि लिनक्सवर शिफ्ट आणि एफ१० दाबल्यावर हाच मेन्यू कर्सरपाशी उघडतो.