कौटिलीय अर्थशास्त्र शेवटाकडून वाचावे

राज्यकारभारावरचा प्राचीन संस्कृत ग्रंथ असलेल्या कौटिलीय अर्थशास्त्राची पंधरा अधिकरणे, म्हणजे भाग, पहिल्या पानापासून ओळीने वाचायला घेणारा वाचक बहुधा दुसऱ्या अधिकरणातच थकतो, कारण तेथील छत्तीस अध्यायांत खाणी, मीठ, सूत, मद्य, हत्ती अशा एकेका विभागाच्या अध्यक्षाची कामे बारकाईने नोंदवलेली आहेत. म्हणून आरंभ शेवटच्या अधिकरणापासून करावा. त्यात एकच अध्याय आहे आणि ग्रंथ कसा वाचायचा हे ग्रंथकाराने त्यातच सांगून ठेवले आहे. माणसांची उपजीविका म्हणजे अर्थ, माणसांनी वसलेली भूमी म्हणजेही अर्थ, अशी व्याख्या करून तो बत्तीस तंत्रयुक्ती, म्हणजे शास्त्रग्रंथातील विवेचनाच्या पद्धती, उदाहरणांसह देतो. त्यांपैकी तीन पक्क्या लक्षात ठेवाव्यात: दुसऱ्याचे मत उद्धृत करणे तो ‘अपदेश’, खोडून काढायचे मत तो ‘पूर्वपक्ष’ आणि त्यावरचा निर्णय तो ‘उत्तरपक्ष’.

त्यानंतर पहिल्या अधिकरणाचा चौथा अध्याय उघडावा. लोकांना वश ठेवण्यासाठी दंडासारखे साधन नाही, हे वाक्य तेथे आहे. पण ते पूर्वाचार्यांचे आहे. पाठोपाठ ‘नेति कौटिल्यः’ (‘नाही, असे कौटिल्य म्हणतो’) येते आणि कठोर दंडाने लोक धास्तावतात, सौम्य दंडाने राजाला जुमानत नाहीत, यथायोग्य दंड देणारा मात्र आदरास पात्र होतो, असा निर्णय दिला जातो. सतराव्या अध्यायातले ‘राजपुत्र खेकड्यांप्रमाणे जन्मदात्यालाच खातात’ हे वाक्यही भारद्वाज या पूर्वाचार्याचे आहे. कौटिल्याचा स्वतःचा भर राजपुत्राच्या शिक्षणावर आहे. तेव्हा वही घेऊन प्रत्येक मतापुढे बोलणाऱ्याचे नाव लिहावे. चाणक्याच्या, म्हणजे कौटिल्याच्याच, नावावर फिरणाऱ्या सुभाषितांची झडतीही याच सवयीने घेता येते.

मराठी वाचकाला खरा धोका ओळखीच्या शब्दांचा आहे. इंग्रजी अनुवाद वाचणारा निदान अडखळतो. आपण अडखळतही नाही. येथे ‘विनय’ म्हणजे नम्रपणा नव्हे, तर शिस्त आणि शिक्षण. ‘व्यसन’ म्हणजे राज्यावरचे संकट, ज्यात राजाचे दुर्गुणही येतात. ‘प्रकृती’ म्हणजे राज्याचे घटक. ‘साहस’ म्हणजे उघडउघड बळजोरीने केलेला गुन्हा. ‘दंड’ कधी शिक्षा असतो, कधी शासनसत्ता, तर स्वामी, अमात्य, जनपद, दुर्ग, कोश, दंड, मित्र या सात अंगांच्या यादीत तो सैन्य असतो. र. पं. कंगले यांनी सिद्ध केलेली चिकित्सित संहिता (हस्तलिखिते ताडून ठरवलेला मूळ पाठ) मुंबई विद्यापीठाने १९६० मध्ये प्रसिद्ध केली. संस्कृत जेमतेम येत असले तरी अनुवादाशेजारी मूळ संहिता ठेवावी, म्हणजे मूळ शब्द कोणता होता हे तपासता येते.

एवढी तयारी झाल्यावर तिसरे ‘धर्मस्थीय’ आणि चौथे ‘कंटकशोधन’ ही अधिकरणे घ्यावीत. धर्मस्थीयात विवाह, वारसा, ऋण, ठेव यांचे वाद आहेत. कंटकशोधनात फसवे कारागीर, व्यापारी, चोर आणि लाचखाऊ अधिकारी आहेत. सोबत मनुस्मृतीचे सातवे आणि आठवे अध्याय वाचावेत. दोन्हीकडे वर्णानुसार शिक्षा बदलते, आणि हा भाग ‘त्या काळचे आहे’ म्हणून उलटून टाकू नये. २५ डिसेंबर १९२७ रोजी महाडला मनुस्मृतीचे दहन कशासाठी झाले, हे ती कलमे वाचल्यावाचून कळत नाही.

राजाला दंड कोण करणार, हा प्रश्न दोन्ही ग्रंथांना पडला आहे. सामान्य माणसाला जेथे एक कार्षापण (जुने नाणे) दंड, तेथे राजाला हजार, असे मनुस्मृती म्हणते. निरपराध माणसाला दंड करणाऱ्या राजाने त्याच्या तीसपट रक्कम वरुणाला उद्देशून पाण्यात अर्पण करावी, असे अर्थशास्त्राच्या चौथ्या अधिकरणाच्या अखेरीस सांगितले आहे. तो श्लोक मात्र अर्धवट सोडू नये, कारण ती रक्कम पुढे ब्राह्मणांना द्यायची असते.