नानकिंगच्या तहात सगळं शोधू नका

एम.ए.ला आधुनिक चीनच्या पेपरात मी जेमतेम पास झालो. असमान तहांचा (परकीय सत्तांनी १९व्या शतकात चीनवर लादलेल्या एकतर्फी करारांचा) तक्ता तर झोपेतही म्हणून दाखवला असता: साल, देश, बंदरं, भरपाई. त्या तक्त्यानंच घात केला.

पहिल्या अफू युद्धानंतर ब्रिटन आणि चीनमध्ये झालेल्या नानकिंगच्या तहानं १८४२ साली अफूचा व्यापार कायदेशीर झाला, असं मी ठोकून दिलं होतं. नाही झाला! त्या तहात अफू येते ती भरपाईत. २ कोटी १० लाख डॉलरपैकी ६० लाख हे १८३९ मध्ये कँटन बंदरात चिनी सरकारनं ब्रिटिश व्यापाऱ्यांकडून जप्त केलेल्या अफूचे. अफूवर उघड जकात बसली, म्हणजे ती कायदेशीर झाली, १८५८ मध्ये. मधली १६ वर्षं मुंबईहून गेलेली माळव्याची अफू तिथं चोरूनच उतरत होती.

दुसरं, परदेशी गुन्हेगारावर चिनी कायदा न चालणं आणि ‘मोस्ट फेव्हर्ड नेशन’चं कलम. मी हेही नानकिंगच्या खात्यात टाकलं. ते आलं १८४३ च्या ब्रिटनबरोबरच्या पुरवणी तहात, कँटनजवळच्या बोगला. हे कलम कळलं नाही तर पुढचं काहीच कळत नाही, म्हणून सोपं करून सांगतो: चीननं एकाला काही दिलं की हे कलम मिळवलेल्या बाकीच्यांनाही ते आपोआप मिळायचं. १८९५ ला चीनला हरवून शिमोनोसेकीच्या तहात जपाननं तहांनी परकीयांना खुल्या झालेल्या बंदरांत कारखाने काढायचा हक्क घेतला आणि ब्रिटिशांनी एक गोळी न झाडता तोच हक्क वापरला. तक्त्यात ‘जपान’ एवढंच लिहिलेलं असतं.

‘साल बरोबर लिही, बाकी कोण वाचतंय?’ हा सल्ला मला एका सीनियरनं दिला होता. त्याला स्वतःला किती गुण पडले, ते मी तेव्हा विचारायला हवं होतं. टॉपरच्या नोट्स टॉपरलाच कळतात, हे माझं ठाम मत आहे.

घाबरू मात्र नका. नानकिंगच्या तहात अवघी १३ कलमं आहेत, एका चहात वाचून होतात. (ज्या ‘कॉर्नवॉलिस’ जहाजावर सह्या झाल्या, ते मुंबईच्या गोदीत वाडियांनी बांधलेलं. याला गुण नाहीत, पण माझ्या डोक्यात तह बसला तो यामुळं.) मग बोग, मग १८४४ चे अमेरिका आणि फ्रान्सचे तह, मग १८५८ चे तिआन्जिनचे तह. बॉक्सर उठावानंतर (१९०० च्या सुमाराचा परकीयांविरुद्धचा उठाव) चीनवर लादलेल्या भरपाईचे ४५ कोटी तेल पाठ केले तरी चालतील. तेल म्हणजे चांदीचं वजन, खाद्यतेल नव्हे. माझ्या वर्गात एकानं तेही लिहिलं होतं.