हेनी पोर्टेनचे मूकपट पाहायचे कसे

जर्मन अभिनेत्री हेनी पोर्टेनची कारकीर्द १९०६ साली सुरू झाली, म्हणून तुम्हीही तिथूनच सुरुवात करू नका. मी केली होती. दोन-तीन मिनिटांचे मुके तुकडे पाहिले आणि पुढे महिनाभर तिच्याकडे फिरकलेसुद्धा नाही. नंतर कळलं की निर्माता ऑस्कर मेस्टरच्या त्या 'टोनबिल्डर'मध्ये, म्हणजे ध्वनिचित्रांमध्ये, गाणं ग्रामोफोनच्या तबकडीवर वाजायचं आणि पडद्यावरचे कलाकार त्यावर ओठ हलवायचे. तबकडीच नसेल तर आपल्या हाती अर्धीच वस्तू येते.

सुरुवात करा ती १९२०च्या 'कोलहीझेल्स ट्योष्टर'पासून. दिग्दर्शक एर्न्स्ट लुबिच. दोन बहिणी, लाडिक ग्रेटेल आणि धसमुसळी लीझेल, आणि दोन्ही हेनीच! धाकटीला मागणी घालायची तर आधी थोरलीचं लग्न व्हायला हवं, एवढाच पेच. पहिल्यांदा पाहताना चेहरा सोडा, नुसती चाल बघा. लीझेल जमिनीशी भांडत असल्यासारखी पाय टाकते, ग्रेटेल मात्र कोणीतरी बघतंय हे पक्कं ठाऊक असल्यासारखी चालते.

त्याआधी एक काम: प्रतीचा वेग तपासा. माणसं मुंग्यांसारखी लगबग करताना दिसली की समजा, वेग चुकलाय. बोलपट सेकंदाला २४ चौकटींनी चालतो, पण त्या काळचे मूकपट बरेचदा १८च्या आसपास चालवायचे. १८चा २४ने दाखवला की सगळं एक तृतीयांशाने वेगवान होतं आणि हेनीचं थबकणं, जे तिचं खरं बळ, तेच नाहीसं होतं. प्लेअरमध्ये वेग ०.७५ करून पाहा. चित्रपटाची मूळ लांबी मीटरमध्ये मिळाली तर हिशेब सोपा आहे: ३५ मिमीची १००० मीटर फीत १८च्या वेगाने साधारण ४९ मिनिटं चालते, २४च्या वेगाने ३६-३७. मात्र प्रत कापलेली असेल तर हा हिशेब फसवतो.

मग 'हिंटरट्रेपे' (१९२१). दिग्दर्शन लेओपोल्ड येस्नर आणि पाउल लेनी यांचं. घरकाम करणारी मुलगी प्रियकराच्या पत्राची वाट बघते आणि टपालवालाच ती पत्रं दाबून ठेवतो. पडद्यावर वाचायच्या पाट्या जवळपास नाहीतच, त्यामुळे सगळा भार तिच्या अंगावर. गजराचं घड्याळ वाजतं, ती उठते, कामाला लागते. हा भाग दोनदा बघा, दुसऱ्यांदा संगीत बंद करून. झोप अंगात असतानाही हात सवयीने कामं उरकतात, हे तिने कुठल्याही आविर्भावाशिवाय दाखवलंय. माझ्या मते तिचं सर्वात मोठं काम हेच. यानंतर 'आना बोलेन' (१९२०) पाहा. एमिल यानिंग्स तिथे इंग्लंडचा राजा आठवा हेन्री आहे, हेनी त्याची राणी. 'कोलहीझेल'मध्ये तोच तिच्यामागे लागलेला गावरान गडी होता. विनोदी बहिणी, राणी, मोलकरीण: हे सगळं दोन वर्षांच्या आत.

आता मागे वळा. १९११चा 'दास लीबेसग्ल्युक डेर ब्लिंडेन' तिची बहीण रोझा हिने लिहिला होता आणि त्यानेच हेनीचं नाव घराघरात नेलं. रोझाचं नाव वहीत ठळक लिहून ठेवा, ती नेहमी बाजूला पडते.

वहीत नाझी काळाचं पानही कोरं ठेवू नका. तिचे दुसरे पती डॉ. विल्हेल्म फॉन काउफमान ज्यू वंशाचे. तिने घटस्फोट द्यायला नकार दिला आणि कामं आटत गेली. तिच्या चित्रपटांच्या यादीतल्या त्या काळातल्या मोकळ्या जागा प्रेक्षकांनी पाठ फिरवल्यामुळे पडलेल्या नाहीत, हे लक्षात ठेवून त्यांच्याकडे बघा.

शेवटी 'कारोला लाम्बेर्टी' (१९५४), पूर्व जर्मनीच्या डेफा या सरकारी चित्रपटसंस्थेने काढलेला. ती तेव्हा ६४ वर्षांची. बोलपट आहे, तरी पहिली दहा मिनिटं आवाज बंद ठेवा.