कापसाच्या खोलीतलं पार्श्वसंगीत

सिनेमाच्या संगीतासाठी दिग्दर्शकाचा फोन आला की पैशाच्या आधी मी एकच विचारतो, "एडिट लॉक झालं का?" म्हणजे काटछाट संपून चित्र पक्कं झालं का. नसेल तर चाली शोधत बसा, पण सेकंदाला बांधलेलं काही करू नका. एकदा मी कच्च्या कटवर संगीताचे चौदा तुकडे बसवले. मग मधलं अकरा सेकंदांचं दृश्य उडालं आणि पुढचं सगळं घसरलं. व्हिडिओ मागताना टाइमकोड, म्हणजे प्रत्येक फ्रेमची वेळ, चित्रावरच छापून मागा, आणि फ्रेमरेट, म्हणजे सेकंदाला किती फ्रेम, ते लेखी घ्या. २४ फ्रेमचा सिनेमा २५ ने चालवला तर तासाला जवळपास अडीच मिनिटं गळतात.

एडिटरनं तात्पुरतं म्हणून कुणाचं तरी संगीत लावलेलं असतं. ते बंद करूनच पहिल्यांदा पाहा, नाहीतर तीच चाल डोक्यात बसते.

आता रेकॉर्डिंग. आमचं गाव हिंगणघाटजवळ. भाव पडला की कापूस घरातच राहतो, छतापर्यंत. तोच माझा स्टुडिओ! गायकाच्या मागे आणि दोन्ही बाजूंना कापूस ठेवा. आवाज अगदी कोरडा येतो. घुमारा नंतर हवा तेवढा चढवता येतो, मुळात शिरलेला निघत नाही. बिडीवाल्याला मात्र उंबऱ्याबाहेरच थांबवा. लॅपटॉप बॅटरीवर, पंखा बंद, रेकॉर्डिंगचं सेटिंग ४८ किलोहर्ट्झ, २४ बिट. थ्री फेज आली की विहिरीवरची मोटर घुमते, म्हणून लाइटचं वेळापत्रक पाहूनच माणसं बोलवा.

खंजिरी माइकपासून दोन हात लांब, जरा तिरपी. आमच्या भजनी मंडळातल्या आबाजींना मी कानात क्लिक, म्हणजे लयीची टिकटिक, दिली, तर म्हणाले, "काहून रे बाप्पा, मले घड्याळ आयकवतं का?" तेव्हापासून त्यांना चित्रच दाखवतो. प्रसंग पाहून हात आवरणारे वादक हवे असतील, तर दिवाळीनंतर गडचिरोली जिल्ह्यातलं वडसा गाठा. झाडीपट्टीच्या, म्हणजे पूर्व विदर्भातल्या, नाटकांत हेच काम रात्रभर चालतं.

वादकांचे पैसे आगाऊ रकमेतूनच द्या. एका निर्मात्याकडे माझा शेवटचा हप्ता अजून अडकलाय. करारावर सही करण्याआधी रॉयल्टीचं कलम वाचा: कॉपीराइट कायद्यातल्या २०१२ च्या दुरुस्तीनंतर, थिएटरबाहेरच्या वापरातला संगीतकाराचा वाटा निर्मात्याला लिहून देता येत नाही. संगीतकार-गीतकारांची रॉयल्टी गोळा करणाऱ्या आयपीआरएस या संस्थेचे सभासद व्हा, आणि कुठलं संगीत कुठे किती वेळ वाजतं याची यादी, म्हणजे क्यू शीट, स्वतः भरा.

आणि कापूस विकायच्या आधी गाणी उरका. यंदा भाव चढला, गाडी दारात आली, माझं एक गाणं बाकी. बाबांना म्हटलं, आठ दिवस थांबा. ते थांबले, क्विंटलमागे दोनशे उतरले. आता बजेटमध्ये 'स्टुडिओ भाडं' या खान्यात मी बाबांचं नाव लिहितो.